दोन बोटं साबण

१

सोळावा कागद कपाटात नव्हता.

मोठ्या बाईंनी हिरव्या फायलीतली पानं तीनदा मोजली. पहिल्यांदा घाईघाईने, दुसऱ्यांदा बोटाला थुंकी लावून, तिसऱ्यांदा मोठ्याने. तिन्ही वेळा पंधराच भरली. बाई त्या झोपघराच्या प्रमुख डॉक्टर. अठरा वर्षांत त्यांना घाबरलेलं कोणी पाहिलं नव्हतं, पण त्या बुधवारी सकाळी त्यांच्या पाचावर धारण बसली. गुरुवारी अकरा वाजता सात नंबरच्या मुलीला हाक मारायची ठरली होती. ती स्वप्नातल्या कोणत्या काळात आणि कुठून मारायची, हे फक्त त्या सोळाव्या कागदावर होतं.

पोलिसांना बोलवायचं, तर स्वप्नाचा नकाशा म्हणजे काय हे समजावण्यातच आठवडा गेला असता. म्हणून बाईंनी फोन केला तो मोजणीदाराला.

मोजणीदार हा जमीन मोजणी खात्यातून निवृत्त झालेला माणूस. छत्तीस वर्षं साखळी घेऊन दुसऱ्यांच्या बांधांवरून हिंडला आणि एकदाही खोटं माप लिहिलं नाही. त्यापायी सहा बदल्या झाल्या आणि बायकोचे टोमणे जन्मभर पुरले. पण नकाशा कुठे खोटा आहे, हे त्याला म्हणे नुसत्या वासावरून कळायचं. शिवाय सात नंबरची मुलगी त्याची सख्खी भाची होती.

"कागद सापडेल ना हो?" बाईंनी दारातच विचारलं.

"कागदाला पाय नसतात, बाई. नेणाऱ्याला असतात. कपाट कोण उघडतं?"

"किल्ल्या दोन. एक माझ्या गळ्यात, दुसरी नकाशाच्या खोलीत खिळ्याला. काल संध्याकाळी सहा वाजता कागद फायलीत होता, मी स्वतः पाहिला. वाचला मात्र नाही. आज सगळ्यांसमोर वाचणार होते."

"त्या खोलीत कोण कोण जातं?"

"नकाशेवाले आणि त्यांची धाकटी बहीण. तिसरं कोणी नाही." बाई अडखळल्या. "म्हणजे, काल दुपारी बावीस नंबरचे वडील तिथून बाहेर पडताना दिसले. आणि ते रडत होते."

२

ज्यांनी झोपघर पाहिलेलं नाही त्यांना इथे चार गोष्टी सांगायला हव्यात, नाहीतर पुढचं सगळं पालथ्या घड्यावर पाणी.

ही झोप म्हणजे एक दुखणं. माणूस दुपारी आडवा होतो आणि उठतच नाही. मोजणीदाराची भाची तीन वर्षांपूर्वी परीक्षेचा अभ्यास करता करता उशीवर कलंडली, एकोणीस वर्षांची, ती अजून कलंडलेलीच होती. आत असा माणूस एका घरात राहतो. घर स्वप्नातलं, पण रोजच्यासारखं. अडचण एवढीच की तिथे काळ एका रांगेत उभा राहत नाही. स्वयंपाकघरात आजचा दिवस, जिन्यावर दहा वर्षांपूर्वीचा, आणि जिना उतरून यावं तर खाली पुढचं वर्ष लागलेलं. झोपलेला खरोखर ज्या काळात आहे तिथे जाऊन हाक मारली, तर तो जागा होतो. भलत्या काळात मारली, तर इतका खोल जातो की पुन्हा सापडत नाही.

म्हणून नकाशा. दर अडीच महिन्यांनी झोपलेल्याची खाट नकाशाच्या खोलीत आणतात. शेजारच्या खाटेवर नकाशेवाला आडवा होतो, दोघांची मनगटं एका फितीने बांधतात आणि तो त्या स्वप्नात उतरतो. आतली घड्याळं, कॅलेंडरं, आरशातलं वय, सगळी थापा मारतात. थापा मारत नाही ती एकच गोष्ट, झीज. प्रत्येकाच्या घरात एक वस्तू अशी असते, जी वापराने झिजतच जाते. कोणाची जिन्याची पायरी, कोणाची पेन्सिल. भाचीच्या घरात ती होती बेसिनवरची साबणाची वडी. ज्या काळात वडी जाड तो आधीचा, पातळ तो नंतरचा, आणि फेरीत सापडलेली सर्वांत पातळ वडी म्हणजे मुलीचा आजचा काळ.

वडी मोजायची बोटांनी. पट्टी आत नेता येत नाही, आणि आत सापडलेली पट्टी स्वतःच लांब-आखूड होत बसते. सोबत येतात ती आपली बोटं. म्हणून नियम असा, की एका झोपलेल्याला शेवटपर्यंत एकच हात. जागं होताच, डोळे मिटलेलेच ठेवून, नकाशेवाल्याने माप सांगायचं आणि शेजारी बसलेल्या बहिणीने ते टंकयंत्रावर उतरवायचं.

वडी संपली की माणूस संपला. दिवसाच्या आत श्वास थांबतो. पण झिजलेली वस्तू कधी पुन्हा वाढलेली दिसली, तर त्याला परतीचा फेर म्हणत, म्हणजे काळ दाराकडे वळला, आणि हाक मारायची ती फक्त तेव्हाच. अठरा वर्षांत हा फेर एकदाच आला होता, आणि ती बाई स्वतःच्या पायांनी घरी गेली होती.

मोजणीदाराने फाईल उघडली. पहिल्या कागदावर चार बोटं. मग उतरत उतरत चौदाव्यावर दीड बोट. आणि गेल्या महिन्याच्या पंधराव्यावर दोन बोटं! त्या दिवशी झोपघरात पेढे वाटायचेच काय ते बाकी राहिले होते.

त्याने पानं उलटी करून पाठीवरून तळहात फिरवला. ही त्याची जुनी खोड, कारण नकाशाची मागची बाजू पुढच्या बाजूइतकं खोटं बोलत नाही. चौदा पानं गुळगुळीत लागली. पंधराव्याला हात खरखरला. प्रत्येक अक्षर मागून उठलेलं, आणि पूर्णविरामांच्या जागी तर आरपार भोकं. बोटं सफाईने फिरवण्याऐवजी कोणीतरी ते टंकयंत्र बडवलं होतं.

३

दहा वाजता तो सात नंबरच्या खोलीत गेला. त्याची धाकटी बहीण, म्हणजे मुलीची आई, खाटेशेजारी फळं चिरत बसली होती.

"दादा, सापडला का रे?"

"शोधतोय, चिमे. काळजी करू नकोस."

"काळजी कसली? परत फिरलीय ती. उद्या नाही तर परवा मारतील हाक." एका महिन्यात तिच्या चेहऱ्यावरची दहा वर्षं उतरली होती. "आधी मी आठवड्यातून एकदा यायचे. बघवायचंच नाही रे. आता सकाळी सातपासून इथेच. दूध, न्याहारी, फळं, जेवण, चहा, पाचही वेळा पाळते. मोठ्या बाई म्हणाल्याच होत्या, बोलत राहा, आवाज आत पोचतो. नळीने जातं ते जातं पोटात, पण सवय मोडायला नको. उठल्यावर माझीच पंचाईत!"

ती मुलीच्या कानाशी वाकली. "चल गं राणी, फळं चिरलीत. हात धुऊन ये पाहू."

चादरीवरची मुलीची बोटं हलली. एकमेकांवर हळूहळू घासली गेली आणि थांबली.

"बघितलंस? बघितलंस ना? ऐकतेय! हात धुतल्याशिवाय घास नाही, हे वळण मी लावलंय तिला." बहिणीने पदराने डोळे टिपले आणि हसली.  तीन वर्षांत मोजणीदाराने या पोरीचं पापणीएवढंही काही हललेलं पाहिलं नव्हतं. कागद शोधायचाच, तो मनाशी म्हणाला, आकाशपाताळ एक करावं लागलं तरी.

बावीस नंबरचे वडील बाहेरच्या बाकावर बसले होते. पेशाने शिंपी. गळ्यात अजून मापाची फीत लोंबत होती.

"माझ्यावर संशय आहे ना?" त्यांनीच सुरुवात केली. "असू दे. तुमच्या भाचीचा फेर आला म्हणून तिचं माप महिन्यातच पुन्हा घेतलं आणि माझ्या पोराचं दोन महिने लांबलं. हेवा वाटला मला, खोटं कशाला बोलू? पण तिची वाट मोडून माझ्या पोराला वाट मिळणार आहे का?"

"काल त्या खोलीत कशाला गेला होता?"

"विनवणी करायला. दार ढकललं तर नकाशेवाले टंकयंत्रापाशी बसलेले. मला पाहून ताडकन उठले, दंडाला धरून बाहेर काढलं. आजवर आवाज चढवला नव्हता हो त्या माणसाने."

"आणि त्यांची बहीण?"

"दिसली नाही. खाटांपुढे पडदा ओढलेला होता." शिंप्याने फीत बोटाला गुंडाळली. "आमच्यात म्हणतात, माप घेणारा एक आणि बेतणारा दुसरा, की कापडाचा सत्यानाश. इथे सगळं त्या एका माणसावर. तोच असा बिथरला तर आमच्या पोरांनी कोणाकडे बघायचं?"

मोजणीदार चार पावलं गेला आणि जागीच थांबला. काल दुपारी, ऐन मापाच्या वेळी, नकाशेवाला टंकयंत्रापाशी काय करत होता?

४

नकाशाच्या खोलीत दोन खाटा होत्या, एक पडदा, एक टंकयंत्र आणि भिंतीवर काळाच्या रंगीत पट्ट्या चिकटवलेला फळा. नकाशेवाला दाराएवढा माणूस. त्याने हात पुढे केला तेव्हा मोजणीदाराचा पंजा त्यात दिसेनासा झाला. बहीण अगदी उलट, फुंकर मारली तर उडेल अशी. ती चहाचे कप मांडत होती आणि बारीक बोटांमुळे कपाच्या कानात तिची दोन-दोन बोटं सहज जात होती.

"कागद मी स्वतः लावला फायलीत," नकाशेवाला म्हणाला. "पुढचं मला माहीत नाही."

"किती निघाली वडी?"

"ते... कागदावर होतं."

"काल मोजलंत, आज आठवत नाही?"

"आत पाहिलेलं लगेच पुसलं जातं," बहीण मध्येच बोलली. "म्हणून तर लिहून ठेवायचं. दादाची तब्येत बरी नाही, मला विचारा ना काय ते."

नकाशेवाल्याचे डोळे लालभडक होते. 

"शेवटची झोप कधी लागली तुम्हाला?" मोजणीदाराने सहज विचारलं, जणू पाऊसपाण्याची चौकशी.

नकाशेवाला बहिणीकडे बघायला लागला.

"बरं, ताई, माझं एक काम करा. या यंत्रावर एक ओळ मारून दाखवा. 'वडी दोन बोटं.' बस, एवढंच."

तिने कागद चढवला. तिची बोटं कळांवरून अलगद गेली, पावसाची भुरभुर पडावी तशी. मोजणीदाराने कागद काढून उलटा केला आणि तळहात फिरवला. लोण्यासारखा गुळगुळीत.

म्हणजे पंधरावा कागद या बाईने लिहिलेलाच नव्हता. आणि ती जर यंत्रापाशी नव्हती, तर त्या दिवशी होती कुठे?

५

"एक जुनी गोष्ट सांगतो," मोजणीदार खुर्ची ओढून बसला. त्याने मोठ्या बाईंनाही बोलावून घेतलं होतं. "दोन भाऊ होते. शेताची वाटणी करायची होती. बापाने शेत पावलांनी मोजलं, तीनशे पावलं. बाप गेला. पुढे थोरल्याने मोजलं, तर तीनशे चाळीस! चाळीस पावलं जमीन वाढली म्हणून दोघे वीस वर्षं कोर्टात भांडले. मला पाठवलं तेव्हा मी एकच प्रश्न विचारला, तुमचे वडील उंच होते का? होते, सहा फूट. थोरला सव्वापाच. जमीन वाढत नाही हो. पाऊल बदलतं."

त्याने चहाचे कप बाजूला सारले.

"दोघांनी उजवा हात टेबलावर ठेवा."

नकाशेवाल्याने आधी मान खाली घातली आणि मग हात ठेवला. बहिणीने त्याच्या शेजारी आपला ठेवला. मोजणीदाराने तिची दोन बोटं त्याच्या बोटांशी लावून पाहिली. तिची दोन त्याच्या दीड बोटाएवढीही भरेनात. हातच्या कांकणाला आरसा कशाला?

"वडी वाढली नव्हती, बाई," तो मोठ्या बाईंना म्हणाला, आणि हे बोलताना आपण कोणाचं काय हिरावून घेतोय हे कळून त्याचाच आवाज चिरकला. "ती झिजतच होती. त्या दिवशी बोट बदललं. खाटेवर ही झोपली होती आणि यंत्र हा बडवत होता. नकाशेवाल्यांच्या खाटेवरची ती उशी द्या इकडे."

उशीवर एक लांब केस होता. उशी दाबली तर आत कागद कुरकुरला. 

"दीड महिना झोपलो नाही मी," नकाशेवाला म्हणाला. "गोळ्या झाल्या, सुया झाल्या. आत सव्वीस माणसं आणि उतरणारा मी एकटा. नाही म्हणालो असतो तर सव्वीस घरांचे दिवे..." 

"मला उतरता आलं," बहीण म्हणाली. "नियम ठाऊक होता मला. वाटलं, एकदाच, दादाला बरं वाटेपर्यंत. दोन बोटं म्हणाले मी, दादाने लिहिलं, तुम्ही वाचलंत आणि सगळीकडे ओरड झाली, फेर आला, फेर आला! आम्हाला त्याच संध्याकाळी कळलं काय झालंय ते. मी सांगायलाच निघाले होते. तर यांची बहीण व्हरांड्यात भेटली, तिने मला मिठी मारली. मग कुठल्या तोंडाने सांगू?"

"आणि सोळावा?"

"तो दादाने खरा लिहिला आणि लावला. मीच सकाळी लवकर येऊन काढला. तो नसला तर हाक टळेल, आणि त्या माऊलीला आणखी चार दिवस तरी..." तिने तोंडाला पदर लावला.

मोजणीदाराने उशीतून कागद काढला. पूर्णविरामांच्या जागी भोकं होती. त्याने वाचलं:

'सर्वांत पातळ वडी नखाएवढीच. उजेडाला धरली तर आरपार दिसतं. मुलगी बेसिनपाशी उभी. हात धुते आहे. विचारलं, किती वेळा धुतेस. म्हणाली, आई जेवायला बोलावते तेव्हा. हल्ली सारखीच बोलावते.'

 भिंतीवरच्या घड्याळात एकाला पाच कमी होती. जेवणाची वेळ.

६

साठी उलटलेला माणूस त्या व्हरांड्यातून धावला. चपला मागेच राहिल्या. धावता धावताही डोक्यात हिशेब चालूच होता, छत्तीस वर्षांची खोड जाते कुठे? आठवड्यातून एकदा धुतले असते हात, तर ती वडी पुढची दोन वर्षं पुरली असती. दोन वर्षांत काय घडलं असतं कोण जाणे, कदाचित खराच फेर आला असता. पण पंधराव्या कागदाने आईला आशा दिली, आशेने तिला दिवसातून पाच वेळा बोलायला लावलं, आणि महिनाभर त्या पोरीने आईचा शब्द मोडला नाही.

आता एवढंच सांगायचं होतं, हात धुवायला सांगू नकोस. काहीही कारण काढायचं. डॉक्टरांनी बंदी केलीय म्हणायचं. कारण मागाहून सुचलं असतं.

त्याने दार ढकललं. बहिणीने डबा उघडून ताट वाढलं होतं.

"अरे, धापा काय टाकतोस? वेळेवर आलास, बस जेवायला."

"चिमे, तिला..." त्याला दम लागला होता. "तिला हात धुवायला..."

"सांगितलं की आत्ताच. आज तर काय सांगू तुला, दादा! दोन्ही हात हलवले तिने. बराच वेळ चोळत होती, कधी नव्हे इतका वेळ. मग हळूच थांबली. झाले असतील धुऊन." तिने मुलीचे केस कानामागे सारले. "किती शांत दिसतेय बघ."

मोजणीदार खाटेपाशी गेला. मुलीचे दोन्ही पंजे चादरीवर उताणे पडले होते, पाणी निथळायला धरावेत तसे. त्याने तिच्या नाकाखाली बोट धरलं. श्वास होता. दुसरा येईपर्यंत त्याने मनात सात मोजले, आणि तिसऱ्याला नऊ.

व्हरांड्यातून मोठ्या बाईंची पावलं जवळ येत होती. दाराशी येऊन ती थांबली. आत कोणी आलं नाही.

"कागद सापडला ना?" बहीण म्हणाली. "तुझ्या तोंडावरच दिसतंय. किती रे निघाली वडी? खरं सांग हं, जगात सगळे खोटं माप देतील, तू देणार नाहीस."

तो खुर्चीत बसला. ताटातून वाफ येत होती. तिच्याकडे बघत राहणं त्याला जमलं नाही, म्हणून तो ताटाकडेच बघत राहिला. मग त्याने उजवा हात वर केला आणि दोन बोटं दाखवली.

"दोन?"

"दोन," तो म्हणाला. "भरून."

"मग झालं तर," ती म्हणाली, आणि डब्याला झाकण लावलं. "जेव तू. हिला मी आता चहालाच हाक मारीन."